चहेबसा चलेआ

पावसाळ्यात गोदाबाई तापानं गेल्या आणि शेषरावांच्या घरात बोलणारं कोणी उरलं नाही. तसं आधीही त्या घरात फारसं बोलणं नसे, अशी शेषरावांची समजूत होती आणि तिचा त्यांना अभिमानही होता. ते अमरावतीच्या कचेरीत अव्वल कारकून. कचेरीत असते तशी शांतता घरातही असावी, असं त्यांचं मत. संध्याकाळी ते दारात पाऊल टाकत तेव्हा बायको चुलीपाशी, मुलगी जात्यापाशी आणि सगळं घर कसं चिडीचूप. "शिस्त आहे," असं मनाशी म्हणत ते पगडी खुंटीला लावत.

आता शिस्त तेवढी राहिली होती, ती पाळणारं माणूस नव्हतं. एकुलती मुलगी जमुना अकोल्याला सासरी. आईच्या दिवसांना ती आली होती, पण दिवस होईपर्यंत बापलेकीत "पाणी देऊ?" आणि "दे" यापलीकडे काही बोलणं झालं नाही. जायच्या दिवशी ती दमणीत बसली, तेव्हा काहीतरी बोलावं असं शेषरावांना फार वाटलं. घसा खाकरून ते म्हणाले, "पोचल्यावर पोच कळवावी." बोलून झाल्यावर ते त्यांनाही बरं वाटलं नाही, पण तोवर बैल निघाले होते.

बाहेर मात्र सगळं गाव बोलत होतं. तिकडे अमेरिकेत कोणाची तरी कोणाशी लढाई जुंपली होती, विलायतेच्या गिरण्यांना कापूस मिळेना, आणि वऱ्हाडात नुसती धूम उडाली होती. लोक बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या बसवत होते. कापसाच्या गाड्यांनी परकोटाच्या वेशी तुंबत. न्हाव्यापासून देवळातल्या गुरवापर्यंत जो तो कापसाच्या भावाबद्दल बोले. भावाबद्दल न बोलणारा असा गावात एक शेषरावच, आणि म्हणून त्यांच्याशी कोणी बोलत नसे.

अशा दिवसांत एके दुपारी शेजारच्या मनकर्णाबाई पिंजरा घेऊन आल्या. गोदाबाईंच्या आजारपणात त्यांचा राघू मनकर्णाबाईंनी आपल्याकडे नेला होता.

"घ्या तुमचं पाखरू," डोक्यावरचा पदर पुढे ओढत त्या म्हणाल्या. "माह्या मांजरीनं याच्यावर डोया ठेवला हाये."

"हे बोलतं काय?" शेषरावांनी विचारलं. आपल्या घरात इतकी वर्षं असलेल्या पक्ष्याबद्दल हा प्रश्न विचारताना त्यांना थोडं ओशाळल्यासारखं झालं.

"बोलते तं! तुमी यायच्या आंधी गोदाबाई त्याच्यावर फडकं टाकत होत्या. तुमाले कटकट नोको म्हून."

फडकं टाकणारं आता कोणी नव्हतं. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी शेषराव कचेरीतून परतले. त्यांचा जोडा चांगला करकर वाजणारा होता. अंमलदाराच्या येण्याची वर्दी त्याच्या जोड्यानं द्यावी, अशी त्यांची धारणा असल्यामुळे त्याला तेल म्हणून ते कधी लावू देत नसत. तर ते करकरत ओसरीवर चढले, कुलूप काढलं, आणि आतल्या अंधारातून आवाज आला,

"चहेबसा चलेआ! चदरप चघे! चसूहा चकोनो!"

शेषराव जागच्या जागी उभे राहिले. शब्द कळला नाही, पण आवाज गोदाबाईंचा होता. त्यांची ती घाई, त्यांचं ते शेवटचं अक्षर जरा वर उचलणं, सगळं जसंच्या तसं. शेषरावांनी पगडी खुंटीला लावली ती खुंटीला लागलीच नाही, खाली पडली.

त्यांनी आठवडाभर परीक्षा केली. राघू दिवसभर पेरू मागे, मांजरीसारखं ओरडे, पण ही अक्षरं तो एरवी कधीच बोलत नसे. शेषराव बाहेरून आले की मात्र हटकून बोले. यावरून शेषरावांनी कचेरीच्या रीतीनं निष्कर्ष काढला: निरोप आहे, तो गोदाबाईंचा आहे, आणि तो आपल्यासाठीच आहे. निष्कर्ष काढल्यावर त्यांचे डोळे भरून आले. तापात गोदाबाई शेवटी शेवटी काहीतरी पुटपुटत होत्या, तेव्हा शेषराव कचेरीत होते.

त्यांनी आधी मनकर्णाबाईंना विचारलं.

मनकर्णाबाईंनी ऐकलं, तोंडाला पदर लावला आणि भलतीकडेच पाहत म्हणाल्या, "मले काय ठाव जी? जमुनाले पुसा."

बायकांच्या सल्ल्यावर काम चालवायचं तर कचेऱ्या कशाला, असा विचार करून शेषरावांनी तो सल्ला बाजूला ठेवला. खरं म्हणजे जमुनाला काय आणि कसं विचारायचं, हे त्यांना सुचत नव्हतं. पण हे कारण त्यांनी स्वतःलाही सांगितलं नाही.

देवळाजवळ राहणाऱ्या एका शास्त्र्यांकडे ते गेले. शास्त्रीबुवांनी डोळे मिटून अक्षरं तीनदा म्हणवून घेतली आणि सांगितलं की ही वेदाची एक लुप्त शाखा आहे. तिचा अर्थ आता पृथ्वीवर कोणाला ठाऊक नाही, त्यामुळे तो लावू नये हेच उत्तम. शेषराव नमस्कार करून उठले.

मग अत्तरवाले अब्दुल सत्तार ओसरीवर येऊन बसले. त्यांना राघूची वाणी ऐकायची होती. शेषरावांनी बाहेर जाऊन, पुन्हा जोडा करकरवत आत येऊन ती ऐकवली. स्वतःच्याच घरात असं परत परत यावं लागणं त्यांच्या हुद्द्याला शोभणारं नव्हतं, पण इलाज नव्हता.

"अजी भाऊ, ये तो बिल्कुल साफ है!" अब्दुल सत्तारांनी मांडीवर थाप मारली. "चले आ! चादर पे! भाभीनं दर्ग्यावर चादर कबूल केली असंल. मन्नत राहिली बाकी, और क्या!"

हे शेषरावांना पटलं. वलगावच्या वाटेवर एक लहानसा दर्गा होता, तिथे बायका जात हे त्यांनी ऐकलं होतं. हिरवी चादर घेऊन ते रविवारी तिथे गेले. तिथला म्हातारा मुजावर भला माणूस होता. चादर हातात घेऊन त्यानं मायेनं विचारलं, "मन्नत कशाची होती, भाऊ? काय मागतलं होतं बाईनं?"

इतक्या वर्षांच्या संसारात गोदाबाईंना काय हवं होतं, हे शेषरावांना आठवेना. आठवेना म्हणजे काय, ते त्यांना कधी माहीतच नव्हतं. लिंबाच्या सावलीत उभे राहून ते विचार करत राहिले. गोदाबाईंना पेरू आवडतात हे एक आठवलं, मग ध्यानात आलं की ते राघूला आवडतात.

"सगळंच," ते शेवटी म्हणाले. मुजावरानं मान हलवली आणि चादर चढवली. संध्याकाळी राघूनं तोच निरोप पुन्हा दिला, त्याच घाईनं. म्हणजे मन्नत नव्हती.

इथवर प्रकरण घरातल्या घरात होतं. ते बाहेर नेलं नत्थुजींनी. नत्थुजी म्हणजे कापसाचे दलाल. रुमालाखाली बोटं दाबून सौदे करता करता त्यांना सगळ्या जगाचा व्यवहार रुमालाखालीच चालतो असं वाटू लागलं होतं. अब्दुल सत्तारांकडून कळताच ते आले, ऐकलं आणि एकदम खालच्या आवाजात म्हणाले, "शेषरावजी, तुमी भोये हाय. हे पाखरू 'दर' म्हून राहिलं. आन मंग 'घे' म्हून राहिलं. दर! घे! याच्याऊन साफ अजून काय सांगावं त्यानं?"

"माझ्या पत्नीचा कापसाच्या व्यापाराशी काहीएक संबंध नव्हता," शेषराव ताठपणे म्हणाले.

"असते जी. बाया बोलत नाईत."

नत्थुजींनी कापूस घेतला आणि कर्मधर्मसंयोगानं त्याच आठवड्यात भाव चढला. मग काय विचारता! शेषराव कचेरीतून परतायच्या वेळेला त्यांच्या दारात दलाल, गाडीवान, जिनसा विकणारे, सगळ्यांची दाटी होऊ लागली. आयुष्यात पहिल्यांदाच लोक त्यांची वाट पाहत होते. त्यांना वाट करून देत, कोणी "या साहेब" म्हणे, कोणी पायरी झटके. शेषराव करकरत चढत, राघू बोले, आणि लोक "घे म्हणाला, घे म्हणाला!" असं ओरडत बाजाराकडे पळत. मग ओसरीवर शेषराव, राघू आणि उडालेली धूळ. त्यांच्या प्रकृतीची चौकशी करायला मागे कोणी थांबत नसे. तरीही दुपार कलली की त्यांना त्या गर्दीची ओढ लागे. याची त्यांना लाज वाटे.

पुढल्या आठवड्यात भाव पडला. गर्दी तीच आली, पण पायरी कोणी झटकली नाही. "पाखरू बाहेर काढा!" असा गलका झाला. नत्थुजी सगळ्यांत पुढे. शेषराव पिंजऱ्यावर धोतराचा सोगा टाकून आडवे उभे राहिले. तेव्हा कोणी चिखल मारला की शेण, याचा पुढेही निकाल लागला नाही. एवढं खरं की ते त्यांच्या अंगरख्यावर बसलं, आणि जमादार आल्यावरच लोक पांगले.

दुसऱ्या दिवशी हुकूम आला की पक्षी कचेरीत हजर करावा.

इथे एक अडचण निघाली. पक्ष्याची नोंद कशी करायची? माल म्हणावं तर तो जप्त झालेला नव्हता. साक्षीदार म्हणावं तर शपथ कशी द्यायची? शेषरावांच्या हाताखालचे कारकून या प्रश्नावर अर्धा दिवस मोठ्या गांभीर्यानं वाद घालत राहिले आणि मधूनमधून तोंड फिरवून खांदे हलवत राहिले. अखेर "एक राघू, पिंजऱ्यासह" एवढंच लिहून तो टेबलावर ठेवला गेला. सगळे चूप बसले. बाहेर बुटांचा आवाज आला आणि गोरा साहेब आत शिरला.

"चहेबसा चलेआ!" राघू गोदाबाईंच्या आवाजात कडाडला. "चदरप चघे! चसूहा चकोनो!"

साहेब दचकला, मग पोट धरून हसला. हसू आवरल्यावर त्यानं विचारलं, "हा काय म्हणतो?"

"अर्थ लागलेला नाही, हुजूर," शेषराव मान खाली घालून म्हणाले. "माझ्या मयत पत्नीचे शब्द आहेत."

साहेबाचं हसू मावळलं. त्यानं हुकूम दिला: बाजार शांत होईपर्यंत पक्षी शहराबाहेर न्यावा, आणि तो नेण्यासाठी मालकास रजा द्यावी. गोदाबाई तापानं फणफणल्या होत्या तेव्हा शेषरावांनी रजा मागितली नव्हती. तिमाहीचे तक्ते पुरे व्हायचे होते. राघूसाठी ती न मागता मिळाली.

आणि शहराबाहेर म्हणजे कुठे, तर त्यांना जायला जगात एकच घर होतं.

अकोल्याच्या वाटेवर कापसाच्या गाड्यांची रांग संपता संपत नव्हती. शेषराव छकड्यात जोडा काढून बसले होते, म्हणून राघू गप्प होता. पण शेषराव गप्प नव्हते. ते राघूशी बोलू लागले. आधी "पेरू हवा काय?" मग हळूहळू दर्गा, मुजावर, अंगरख्यावरचा डाग जात नाही ते, पिठलं करताना गाठी होतात ते. गाडीवानानं दोनदा मागे वळून पाहिलं आणि नंतर पाहायचं सोडून दिलं. बोलता बोलता शेषरावांच्या ध्यानात आलं की गोदाबाईंशी आपण एकदाही इतकं बोललो नव्हतो.

जमुनाचं सासर मोर्णेच्या काठाजवळ होतं. जावई चंद्रभान कापसासाठी गावोगाव फिरत होता. घरात जमुना आणि तिची सासू रुख्मिणीबाई. शेषरावांनी जोडा चढवला, पिंजरा हातात घेतला आणि करकरत अंगणात शिरले. जमुना सुपात तांदूळ पाखडत बसली होती. राघूनं आपलं काम चोख बजावलं.

सूप जमुनाच्या हातातून सुटलं. तांदूळ अंगणभर झाले. तिनं आधी पिंजऱ्याकडे पाहिलं, मग बापाकडे, आणि तिचा चेहरा लालबुंद झाला.

"काय म्हून राहिला ओ हा?" रुख्मिणीबाईंनी विचारलं.

"काई नाई, आत्याबाई. पाखरू हाये," जमुना म्हणाली आणि तांदूळ गोळा करायला वाकली. पण तिचे खांदे हलत होते.

हिला माहीत आहे, हे शेषरावांच्या ध्यानात आलं. दुसऱ्या दिवशी रुख्मिणीबाई नदीवर गेल्या तशी ते स्वयंपाकघराच्या दाराशी येऊन उभे राहिले. कारकुनाच्या भाषेतली दोन-तीन वाक्यं त्यांनी तयार केली होती, ती ऐन वेळी दगा देऊन गेली.

"जमुना," ते म्हणाले, "तुझ्या आईनं माझ्यासाठी काय निरोप ठेवला आहे, तो सांग. मी सगळ्यांना विचारलं. मी दर्ग्यावर चादर घातली. लोकांनी मला शेण मारलं. आता तूच राहिलीस."

जमुनानं चटकन वर पाहिलं. "शेन मारलं? तुमाले?"

"चिखलही असेल. निकाल लागला नाही."

ती हसली, आणि हसता हसताच रडायला लागली. शेषराव काय करावं ते न कळून चुलीतलं लाकूड उगाच आत सारत राहिले. शेवटी डोळे पुसून ती म्हणाली, "बाबा, तो निरोप नाई जी. मायची आन माही बोली होती ते. शब्दाचं पयलं अक्षर उचलाचं, शेवटी नेऊन ठेवाचं, आन त्याच्या जागी च. साहेबचं काय होते?"

शेषराव बोटांवर अक्षरं मोजू लागले. "साहेब... हेब... सा... चहेबसा." त्यांचा चेहरा उजळला. कचेरीतला अवघड तक्ता जुळावा तसं त्यांना झालं. "चलेआ म्हणजे आले! साहेब आले! चदरप... पदर. पदर घे. चसूहा... हासू. हासू नोको!" आणि मग, विजयानं, "कोण साहेब?"

जमुनानं त्यांच्याकडे नुसतं पाहिलं. चुलीतलं लाकूड तडतडलं.

"मी," शेषराव म्हणाले.

"मनकर्णामावशी येऊन बसे दुपारून. पदर घे ते तिच्यासाठी. हासू नोको ते माह्यासाठी. तुमच्या जोड्याचा आवाज आला की माय म्हने." तिनं मान खाली घातली. "तुमाले वाईट वाटलं."

शेषराव उठले आणि मोर्णेच्या काठी जाऊन बसले. पाणी थोडंसंच होतं. पलीकडे म्हशी बसल्या होत्या. आपलं घर शांत आहे, असं ते इतकी वर्षं समजत होते. ते शांत नव्हतंच. रोज दुपारभर तिथे हसणं चालत होतं आणि ते दारापर्यंत आले की बंद होत होतं. जगात सगळ्यांनी ते ऐकलं असेल, राघूनंसुद्धा; एक त्यांनी तेवढं ऐकलं नव्हतं. आणि आता ऐकवायला गोदाबाई नव्हत्या. ऊन उतरेपर्यंत ते तिथेच होते. म्हशी उठून गेल्या तेव्हा तेही उठले.

परत आले ते सरळ जमुनापाशी. "तुम्ही काय हसत होता?"

"आता काय सांगू?"

"आठवेल ते सांग."

जमुना सांगू लागली. मनकर्णामावशीची मांजर भटजीच्या पंच्यावर व्याली ते. भाजीवालीची नक्कल. "आन तुमी झोपेत मजकूर सांगत होते, बाबा. 'सबब येणेप्रमाणे' म्हनून थांबाचे, आन पुढचं सुचे नाई. मंग माय म्हने, 'लिवलं जी, झोपा आता.' तवा तुमी घोराले लागाचे."

"लिवलं जी," शेषराव पुटपुटले. त्यांच्या घशातून एक चमत्कारिक आवाज निघाला. तो हसण्याचा होता हे दोघांनाही जरा उशिरा कळलं. "अजून काय?"

पण तेवढ्यात रुख्मिणीबाई आल्या आणि जमुनानं पदर पुढे ओढला.

व्याह्याच्या घरी फार राहणं बरं दिसत नाही. राघूला जमुनापाशी ठेवून शेषराव दुसऱ्या दिवशी सकाळी निघाले. छकडा जुंपून तयार होता. रुख्मिणीबाई दारात येऊन, "राहिले असते अजून," असं जितक्या वेळा म्हणायचं असतं तितक्या वेळा म्हणाल्या. जमुना त्यांच्या मागे, पदर कपाळापर्यंत. सासूसमोर सुनेनं बापाला आग्रह करावा, अशी काही त्या घरची रीत नव्हती. शेषरावांनी छकड्याच्या दांडीवर हात ठेवला.

"चबाबा," मागून हळूच आवाज आला. "चनखीआ चनदो चवसदि चहारा."

शेषराव तसेच थबकले. एक पाय जमिनीवर, एक छकड्यात. डाव्या हाताची बोटं धोतराच्या निऱ्यांआड अक्षरं इकडची तिकडे करू लागली. आनखी... दोन... इथे त्यांची एकदा चूक झाली आणि पुन्हा पहिल्यापासून धरावं लागलं. गाडीवान म्हणाला, "बसा ना जी." रुख्मिणीबाई एकदा सुनेकडे, एकदा व्याह्याकडे पाहू लागल्या. दिवस... राहा.

त्यांनी छकड्यातला पाय खाली घेतला.

"चरंब," ते मोठ्यानं म्हणाले.

पदराआड जमुना फस्सकन हसली, आणि या वेळी तिला गप्प करायला कोणी पुढे झालं नाही.

"हे काय म्हनले तुमी?" रुख्मिणीबाईंनी विचारलं.

शेषरावांनी पगडी सारखी केली. "कचेरीतला शब्द हाये, विहीनबाई," ते गंभीरपणे म्हणाले. "मंजूर, असा त्याचा अर्थ होते."